अग्रहार, लाभार्थी आणि आरोग्याचे राजकारण

(व्हिसेन्ते नवारो यांच्या ग्रंथांच्या निमित्ताने)

अग्रहार, म्हैसूर : 'अग्रहार' या शब्दाचा मूळ अर्थ राजाने ब्राह्मणांना दान दिलेली जमीन अथवा वस्ती. म्हैसूर शहरात राजवाड्यापासून पायी जाण्याच्या अंतरावर या नावाचा भाग आजही आहे. आता तेथे सर्व जातिधर्मांचे लोक राहतात, बाजार आहे, रहदारी आहे, दवाखाने आणि औषधांची दुकाने आहेत. दान संपले, नाव उरले. परंतु त्या नावात एक संपूर्ण राज्यव्यवस्था साठवलेली आहे. देणारा एक, घेणारे निवडक, आणि ज्यांच्या श्रमांवर जमीन पिकत होती त्यांना त्या व्यवहारात बोलण्याचा अधिकार नाही, अशी ती व्यवस्था होती.

प्रस्तुत लेखकाचे काम पक्षाच्या कागदपत्रांच्या भाषांतराचे. ठराव, पत्रके, अहवाल यांचे मराठीकरण करताना अलीकडे एक शब्द पुनःपुन्हा आडवा येतो, तो म्हणजे 'लाभार्थी'. योजना केंद्राची असो वा राज्याची, सरकारी दवाखान्यात जाणारा माणूस आता नागरिक राहिलेला नाही, रुग्णही राहिलेला नाही. तो लाभार्थी झाला आहे. लाभाची इच्छा धरून दाराशी उभा असलेला, असा त्याचा अर्थ. मूळ इंग्रजी शब्दात याचनेची ही छटा नाही. ती मराठीने आपणहून जोडली, आणि खेदाची गोष्ट अशी की आपल्या जनसंघटनांच्या मागणीपत्रकांतही आपण ती निमूटपणे स्वीकारली. शब्दाचा हा प्रश्न केवळ व्याकरणाचा नाही. आरोग्य हे दान आहे की हक्क, आणि हक्क असेल तर तो कोणाच्या बळावर पदरात पडतो, हा त्यामागचा राजकीय प्रश्न आहे. या प्रश्नाचा आयुष्यभर पाठपुरावा करणारे राज्यशास्त्रज्ञ व्हिसेन्ते नवारो यांच्या ग्रंथांकडे आपल्या कार्यकर्त्यांचे लक्ष वेधावे, एवढ्यासाठी हा लेख.

नवारो काय सांगतात?

नवारो यांचा जन्म १९३७ सालचा, स्पेनमधील कातालोनिया प्रांतातला. शिक्षण वैद्यकाचे. फ्रँकोच्या फॅसिस्ट राजवटीविरुद्धच्या भूमिगत चळवळीत भाग घेतल्यामुळे १९६२ साली त्यांना देश सोडावा लागला. पुढे अमेरिकेतील जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात त्यांनी आरोग्यधोरणाचे अध्यापन केले. चिलीमध्ये आयेंदे यांच्या सरकारला त्यांनी आरोग्यविषयक सल्ला दिला. साम्राज्यवादाच्या बालेकिल्ल्यात बसून मार्क्सवादी दृष्टीने वैद्यकव्यवस्थेची चिकित्सा करणारा हा अभ्यासक होय.

त्यांचा 'भांडवलशाहीतील वैद्यक' हा ग्रंथ १९७६ साली प्रसिद्ध झाला. त्या काळी इव्हान इलिच यांचे विचार सुशिक्षितांत फार लोकप्रिय होते. डॉक्टर आणि रुग्णालये यांनीच समाजाला परावलंबी व रोगी केले, असे इलिच म्हणत. नवारो यांनी या मांडणीतील दोष नेमका दाखवला. डॉक्टरांचा धंदा हा सत्तेचा उगम नव्हे. समाजात जे वर्गसंबंध आहेत तेच रुग्णालयात उतरतात. वर विश्वस्त मंडळात भांडवलदार व व्यावसायिक, मध्ये डॉक्टर, खाली परिचारिका, आया, सफाई कामगार, आणि त्या खालच्या थरात बहुसंख्येने स्त्रिया. कारखान्याची उतरंड आणि इस्पितळाची उतरंड एकच. लॅटिन अमेरिकेविषयीच्या त्यांच्या निबंधातही हेच सूत्र आहे. गरीब देशांत साधनसंपत्तीची उणीव असते म्हणून तेथे आरोग्याची दुर्दशा होते, हा समज त्यांनी खोडून काढला. साधने असतात, ती कोणाच्या ताब्यात आहेत, ती शहराकडे आणि परदेशाकडे का वाहतात, हा खरा प्रश्न होय.

१९७८ सालच्या 'वर्गसंघर्ष, राज्यसंस्था आणि वैद्यक' या ग्रंथात त्यांनी ब्रिटनच्या राष्ट्रीय आरोग्यसेवेचा इतिहास तपासला. १९४८ साली ती सेवा सुरू झाली ती कोणा उदार मंत्र्याच्या मनात आले म्हणून नव्हे. युद्धातून बाहेर पडलेला, संघटित आणि जुन्या दिवसांकडे परत जाण्यास तयार नसलेला कामगारवर्ग तिच्या पाठीशी होता. त्याच वेळी नवारो हेही दाखवतात की सेवा सार्वजनिक झाली तरी तिच्यातील निर्णयाची सूत्रे वरच्या वर्गाच्याच हाती राहिली. याच्या उलट बाजू अमेरिकेची. १९९३ साली हिलरी क्लिंटन यांच्या नेतृत्वाखालील आरोग्यसुधारणा कार्यगटात नवारो यांनी काम केले आणि पुढच्याच वर्षी ती योजना कशी कोसळली ते पाहिले. १९९४ सालच्या ग्रंथात त्यांनी त्याची मीमांसा केली. अमेरिकन जनतेला सार्वत्रिक आरोग्यसेवा नको होती असे नाही. विमा कंपन्यांचे बळ अफाट होते आणि त्यांच्याशी टक्कर देणारा कामगारवर्गाचा स्वतंत्र पक्ष त्या देशात नव्हता.

मायदेशाविषयी त्यांनी लिहिलेले ग्रंथ आपल्या दृष्टीने अधिकच उपयुक्त आहेत. २००२ सालच्या ग्रंथाच्या नावातच त्यांचा निष्कर्ष आहे : अपुरे कल्याण, अपुरी लोकशाही. फ्रँको १९७५ साली मेला, १९७८ साली राज्यघटना आली, आणि स्पेनचे सत्तांतर हे जगापुढचे आदर्श उदाहरण म्हणून गौरवले गेले. नवारो विचारतात, आदर्श कोणासाठी? जुन्या राजवटीचे आधारस्तंभ जागचे हलले नाहीत, म्हणून शाळा, दवाखाने, वृद्धांची काळजी यांवरचा स्पेनचा खर्च पश्चिम युरोपच्या मागे राहिला. दवाखान्याच्या दारातील रांग आणि सत्तांतराचा करारनामा या दोन गोष्टी एकाच दोरीने बांधलेल्या आहेत, हे या अभ्यासकाचे मोठे प्रतिपादन आहे.

म्हैसूरचा दाखला

हे प्रतिपादन आपल्या भूमीवर टिकते काय? त्यासाठी म्हैसूरइतके चांगले उदाहरण शोधून सापडणार नाही. कारण 'आदर्श संस्थान' ही पदवी म्हैसूरला मिळाली ती उगीच नव्हे, आणि टीका करताना हे मान्य केलेच पाहिजे.

१८९८ साली प्लेगची साथ म्हैसूर संस्थानात पोहोचली. दाटीवाटीची जुनी वस्ती मोकळी करण्यासाठी आणि नव्या वस्त्या आखण्यासाठी १९०३ साली म्हैसूर शहरात नगरसुधारणा मंडळ स्थापन झाले. १९२४ साली संस्थानाने वैद्यकीय महाविद्यालय काढले. ते १९३० साली बंगळूरहून म्हैसूरला आले. १९२० च्या दशकाच्या अखेरीस रॉकफेलर प्रतिष्ठानाच्या साहाय्याने मंड्या येथे ग्रामीण आरोग्यकेंद्राचा प्रयोग सुरू झाला. १९३० साली संस्थानाने सरकारी रुग्णालयांत संततिनियमनाची केंद्रे उघडण्याचा हुकूम काढला. त्या काळी जगातील पुढारलेल्या म्हणवणाऱ्या सरकारांनाही हे धाडस झाले नव्हते.

मग उणे कोठे होते? शिवनसमुद्र येथील धबधब्यावर वीज तयार झाली ती १९०२ साली. ती प्रथम गेली कोलारच्या सोन्याच्या खाणींना, म्हणजे ब्रिटिश कंपन्यांच्या नफ्याला. बंगळूरच्या रस्त्यांवर दिवे लागले ते १९०५ साली. त्याच खाणींतील कामगारांच्या फुप्फुसांत दगडाची धूळ साचून सिलिकोसिस जडत होता. रोगाची व्याप्ती १९४० च्या दशकातील तपासणीत उघड झाली, आणि १९४६ साली याच कामगारांनी संप केला तेव्हा त्यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. आदर्श संस्थानाचा परोपकार खाणीच्या तोंडाशी येऊन थांबत होता.

राज्यशास्त्रज्ञ जेम्स मॅनर यांनी १९१७ ते १९५५ या काळातील म्हैसूरच्या राजकारणावर लिहिलेला ग्रंथ १९७७ साली आला. नवारो यांच्या शेजारी तो ठेवून वाचावा. मॅनर मार्क्सवादी नाहीत. तरीही त्यांनी दाखवले ते असे : संस्थानाचे राजकारण दोन वेगळ्या दालनांत चालत होते. एका दालनात दिवाण, दरबार, प्रतिनिधी सभा, शहरी सुशिक्षित; दुसऱ्या दालनात खेड्यातील जमीनमालक जातींची अबाधित सत्ता. सरकारने खेड्यातील सत्तेला हात लावायचा नाही आणि खेड्याने सरकारला त्रास द्यायचा नाही, असा जणू अलिखित तह होता. १८८१ साली प्रतिनिधी सभा निर्माण करणारे हे संस्थान, पण तिच्यात कुळाचा किंवा शेतमजुराचा आवाज नव्हता. ऑक्टोबर १९४७ मध्ये लोकांच्या चळवळीपुढे नमून जबाबदार सरकार आले. दरबाराच्या जागी मंत्रिमंडळ बसले. दुसऱ्या दालनाला मात्र त्या वेळी धक्का लागला नाही. देवराज अरस यांच्या काळात, १९७४ च्या जमीन सुधारणा दुरुस्तीने, त्या दालनाच्या भिंतीला भेगा पडल्या. पण तोवर पाव शतक उलटले होते.

आता शेजारच्या केरळकडे पाहा. त्रावणकोर हेही दवाखाने व शाळा काढणारे 'आदर्श' संस्थानच होते. परंतु तेथे १९४६ साली पुन्नप्रा-वायलार घडले, शेतमजुरांच्या संघटना उभ्या राहिल्या, १९५७ साली कम्युनिस्ट मंत्रिमंडळ आले, जमिनीचा प्रश्न ऐरणीवर आला. मानवशास्त्रज्ञ जोन मेन्शर यांनी १९८० साली एक निरीक्षण नोंदवले, ते प्रत्येक शाखेने लक्षात ठेवण्यासारखे आहे. केरळात आरोग्यकेंद्रावर डॉक्टर नसला तर लोक जाब विचारायला येतात. इतरत्र ते मुकाट्याने परत जातात. दोन्ही ठिकाणी इमारत तीच, औषधे तीच. फरक आहे तो मजुराने ताठ मानेने उभे राहण्याचा, आणि तो फरक कोणत्याही राजाने दान दिलेला नाही.

राष्ट्रीय धोरणाचा आलेख

हेच सूत्र देशाच्या पातळीवर लावून पाहू. १९३८ साली काँग्रेसने राष्ट्रीय नियोजन समिती नेमली. तिच्या आरोग्यविषयक उपसमितीचे प्रमुख होते कर्नल साहिब सिंग सोखे, मुंबईच्या परळ येथील हाफकिन संस्थेचे संचालक. गिरणगावाच्या मध्यभागी बसून या शास्त्रज्ञाने दर १,००० लोकांमागे एक प्रशिक्षित आरोग्यसेवक असावा अशी योजना मांडली. याच सोखे यांना पुढे शांतता चळवळीतील कार्यासाठी सोव्हिएत संघाचा आंतरराष्ट्रीय शांतता पुरस्कार मिळाला. १९४३ साली ब्रिटिश सरकारने नेमलेल्या भोर समितीने १९४६ च्या अहवालात सांगितले की पैसे देण्याची ऐपत नाही म्हणून कोणीही उपचारांवाचून राहता कामा नये. या समितीला सल्ला देण्यासाठी १९४४ साली हेन्री सिगेरिस्ट भारतात आले होते. सोव्हिएत आरोग्यव्यवस्थेवर आस्थेने ग्रंथ लिहिणारे हे इतिहासकार जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठातच शिकवत होते. नवारो यांच्या आधी दोन दशके तेथे हा धागा विणला जात होता, आणि त्याचे एक टोक आपल्या देशात होते.

या योजनांचे काय झाले? सोखे यांचा गावोगावचा आरोग्यसेवक प्रत्यक्षात अवतरला तो १९७७ साली अर्धवट स्वरूपात, आणि २००५ च्या ग्रामीण आरोग्य अभियानात 'आशा' या नावाने. पण कसा? स्वयंसेविका म्हणून. पगार नाही, कामगाराचा दर्जा नाही. कामाच्या नगांवर मोबदला. एका दूरदर्शी योजनेचा सांगाडा घेतला आणि त्यातील वेतन काढून टाकले. हे काम स्त्रियांचे, म्हणून ते सेवाभावाचे, म्हणून ते स्वस्त : नवारो यांनी वर्णन केलेली इस्पितळाची उतरंड आता गावच्या वेशीपर्यंत पोहोचली आहे. जुलै २०२० मध्ये, महासाथीच्या ऐन भरात, कर्नाटकातील आशांनी महिन्याला १२ हजार रुपये निश्चित मानधनासाठी काम बंद ठेवले. त्यांच्यावर फुले उधळणारे सरकार मागणी ऐकताच कासावीस झाले.

१९८१ साली सामाजिक शास्त्रे आणि वैद्यकीय संशोधन यांच्या दोन राष्ट्रीय परिषदांच्या अभ्यासगटाने 'सर्वांसाठी आरोग्य' हा पर्यायी आराखडा दिला. कोल्हापूरच्या मातीतून आलेल्या जे. पी. नाईक यांचा त्यात मोठा वाटा होता. दारिद्र्य आणि विषमता यांवर घाव न घालता केवळ दवाखाने वाढवून आरोग्य येणार नाही, असे त्यात स्पष्ट म्हटले होते. सरकारने त्याचे कौतुक केले आणि तो बाजूला ठेवला. दरम्यान भांडवली शक्ती स्वस्थ बसल्या नव्हत्या. १९८३ पासून महाराष्ट्रात विनाअनुदानित वैद्यकीय महाविद्यालयांचा मार्ग मोकळा झाला आणि साखर कारखान्यांवरील पुढारी शिक्षणसम्राट झाले. कर्नाटकात हा बाजार त्याहून जुना. देणगीशुल्क घटनाबाह्य ठरवणारा १९९२ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल कर्नाटकाच्याच प्रकरणातला. १९९३ साली जागतिक बँकेने आरोग्याला गुंतवणूक म्हटले. १९९६ पासून कर्नाटकात आणि त्या दशकाच्या अखेरीस महाराष्ट्रात तिच्या कर्जाचे प्रकल्प आले, आणि सरकारी रुग्णालयाच्या खिडकीवर शुल्काची पाटी लागली.

पुढचा टप्पा विमा योजनांचा. महाराष्ट्रात २०१२ साली सुरू झालेली जीवनदायी आरोग्य योजना २०१७ साली महात्मा जोतीराव फुले यांच्या नावाने ओळखली जाऊ लागली. २०१८ साली केंद्राने कुटुंबामागे वर्षाला ५ लाख रुपयांच्या विमासंरक्षणाची योजना आणली. सरकारचे समर्थक म्हणतात की जनतेच्या खिशावरचा भार त्यामुळे हलका झाला. आकडे प्रामाणिकपणे पाहू. राष्ट्रीय आरोग्य लेख्यांनुसार एकूण आरोग्यखर्चातील जनतेच्या खिशातून जाणारा वाटा २०१३-१४ मध्ये ६४.२ टक्के होता, तो २०२१-२२ मध्ये ३९.४ टक्के झाला. ही घट नाकारण्याचे कारण नाही. पण ती घट झाल्यावरही शंभरातील जवळजवळ चाळीस रुपये रोगी माणूस स्वतः मोजतो. आणि सरकारचा वाटा? २०१७ च्या राष्ट्रीय आरोग्य धोरणाने २०२५ पर्यंत तो राष्ट्रीय उत्पन्नाच्या २.५ टक्क्यांवर नेण्याचे वचन दिले होते. महासाथीनंतरच्या २०२१-२२ या वर्षातही तो १.८४ टक्के होता. शिवाय विम्याचा पैसा मोठ्या शस्त्रक्रियांपाठोपाठ खासगी रुग्णालयांकडे वाहतो. मधुमेहाची रोजची गोळी, बाळंतिणीची तपासणी, वस्तीतील गटाराचे पाणी यांना विमापत्रात जागा नसते. पत्र हातात असते, दवाखाना नसतो.

याची किंमत कोण मोजतो? २ मे २०२१ च्या रात्री म्हैसूरशेजारच्या चामराजनगर जिल्हा रुग्णालयात प्राणवायूचा साठा संपत आला. १९९७ पर्यंत म्हैसूर जिल्ह्याचाच भाग असलेल्या या जिल्ह्याला प्राणवायूसाठी म्हैसूरवर अवलंबून राहावे लागत होते. २४ तासांत २४ रुग्ण दगावले. मग कोणी कोणाचा साठा अडवला यावर दोन जिल्ह्यांच्या प्रशासनांत वाद झाला, चौकशा झाल्या. २०२३ च्या ऑगस्टमध्ये महाराष्ट्र सरकारने आपल्या आरोग्य विभागाच्या रुग्णालयांतील शुल्क माफ केले, ही चांगलीच गोष्ट झाली. परंतु त्याच वर्षी सप्टेंबर-ऑक्टोबरच्या संधीवर नांदेडच्या सरकारी रुग्णालयात २४ तासांत २४ मृत्यू झाले, त्यांत १२ नवजात बालके होती. औषधे व माणसे यांच्या तुटवड्याचा आरोप झाला, प्रशासनाने तो नाकारला. खालच्या पायरीवर सेवा नसल्यामुळे चार जिल्ह्यांचा भार एका इमारतीवर पडतो, हे मात्र कोणालाच नाकारता आले नाही.

मतभेद आणि आत्मपरीक्षण

नवारो यांचे सारेच जसेच्या तसे उचलावे असे नाही. सोव्हिएत आरोग्यव्यवस्थेवरील त्यांच्या १९७७ च्या ग्रंथात तज्ज्ञांची मक्तेदारी व नोकरशाही यांवर कठोर टीका आहे. ती वाचताना आपल्यापैकी अनेकांना अस्वस्थ वाटेल. क्रांतीनंतरच्या दुष्काळातून आणि टायफसच्या साथीतून वर आलेल्या त्या व्यवस्थेच्या थोरवीला ते पुरेसा न्याय देत नाहीत, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. पण १९९१ नंतर ती व्यवस्था ज्या वेगाने ढासळली, तो पाहता जनतेच्या देखरेखीचा त्यांनी उपस्थित केलेला प्रश्न टाळता येत नाही. दुसरी उणीव आपल्या दृष्टीने अधिक मोठी. युरोपातील अनुभवावर उभ्या असलेल्या त्यांच्या मांडणीत जात नाही. आपल्याकडे गटारात उतरणारा कामगार कोणत्या जातीचा असतो, हे वगळून सार्वजनिक आरोग्यावर एक वाक्यही लिहिता येणार नाही. अग्रहार हा शब्दच त्याची साक्ष देतो.

आता आपल्याविषयी. अदारकर यांच्या १९४४ च्या अहवालातून १९४८ चा कामगार राज्य विमा कायदा आला. तो टिकवण्यासाठी आपल्या संघटनांनी झगडा दिला, याचा अभिमान आहेच. परंतु त्या संरक्षणाची नाळ नोकरीशी बांधलेली होती. १९८२ च्या संपानंतर मुंबईच्या गिरण्या बंद पडत गेल्या तेव्हा कामगाराची नोकरी गेली, आणि तिच्यामागोमाग दवाखान्याचे कार्डही गेले. शेतमजूर, घरकामगार, ऊसतोड कामगार तर त्या कुंपणात कधी आलेच नव्हते. संघटित कामगाराचा हक्क सर्व जनतेचा हक्क व्हावा यासाठी जितके लढायला हवे होते तितके आपण लढलो काय? वेतनवाढीचा मोर्चा आणि दवाखान्याचा मोर्चा यांत आपण पहिल्याला लढा मानले व दुसऱ्याला समाजकार्य समजलो. नवारो यांचे ग्रंथ या सवयीवर बोट ठेवतात.

कार्यकर्त्यांनी कोठून सुरुवात करावी? प्रत्येक शाखेने आपल्या क्षेत्रातील प्राथमिक आरोग्यकेंद्राची मंजूर पदे किती, भरलेली किती, औषधे किती दिवस पुरतात, याची नोंद स्वतः ठेवावी आणि ती ग्रामसभेत वाचून दाखवावी. आशांचा वेतनाचा लढा हा आरोग्याचाच लढा आहे, हे शेतकरी व कामगार संघटनांच्या व्यासपीठावरून सांगितले पाहिजे. विमापत्राची मागणी करताना त्याच पत्रकात डॉक्टराची, परिचारिकेची, शुद्ध पाण्याची मागणी आली पाहिजे. नवारो यांचे निवडक निबंध मराठीत आणण्याचे काम भाषांतर विभागाने हाती घ्यावे. ती जबाबदारी प्रस्तुत लेखकाची आणि त्याच्या सहकाऱ्यांची आहे.

आणि एक लहान गोष्ट आजपासूनच करता येईल. आपल्या पत्रकांतून 'लाभार्थी' हा शब्द काढून टाकावा. त्या जागी 'हक्कदार' लिहावे. शब्द बदलल्याने दवाखान्यात डॉक्टर येणार नाही, हे खरे. पण दारात उभा असलेला माणूस याचक म्हणून आला आहे की मालक म्हणून, हे निदान आपल्या भाषेत तरी निश्चित झाले पाहिजे. अग्रहाराचे दानपत्र राजाच्या हातचे होते. हक्काचा कागद जनतेला स्वतःच्या हाताने लिहावा लागेल.